सरकारी कर्मचाऱ्याच्या फायलीतलं काय मागता येतं, काय मागू नये?

नस्तीवाला

नमस्कार मंडळी. मी एका जिल्ह्याच्या कार्यालयात आस्थापना शाखेत नोकरी केली आणि त्यातली बरीच वर्षं जन माहिती अधिकारी म्हणून सह्या केल्या. आता निवृत्त आहे. गावातले, नात्यातले लोक माहिती अधिकारात आलेली उत्तरं घेऊन दाखवायला येतात. नोव्हेंबर २०२५ पासून त्या उत्तरांत एकच वाक्य दिसायला लागलंय: "मागणी केलेली माहिती वैयक्तिक स्वरूपाची असल्याने देता येत नाही." बदलीचा आदेश मागितला तरी तेच, निलंबन कधी मागे घेतलं हे विचारलं तरी तेच. एका बाईंनी तालुक्याच्या कार्यालयात मंजूर पदं किती आणि रिक्त किती एवढंच विचारलं होतं, त्यांनाही तेच छापील उत्तर. ते वाचल्यावर राहवलं नाही, म्हणून हा धागा.

आधी नेमकं काय झालंय ते सांगतो. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ च्या कलम ८(१)(जे) मध्ये वैयक्तिक माहिती नाकारायची मुभा पहिल्यापासून होती, पण तिला अटी होत्या. त्या माहितीचा सार्वजनिक कामाशी किंवा हिताशी काही संबंध नसला पाहिजे, किंवा ती दिल्यानं त्या माणसाच्या खाजगीपणावर नाहक घाला पडत असला पाहिजे. तसं असलं तरी व्यापक जनहित दिसलं तर माहिती अधिकारी ती देऊ शकत होता. खाली एक परंतुकही होतं: जी माहिती संसदेला किंवा विधिमंडळाला नाकारता येत नाही, ती कोणालाही नाकारता येणार नाही. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्याच्या कलम ४४(३) नं हे सगळं काढलं आणि "वैयक्तिक माहितीशी संबंधित माहिती" एवढंच ठेवलं. ते कलम नोव्हेंबर २०२५ मध्ये लागू झालं.

आता सेवापुस्तक डोळ्यांसमोर आणा, कारण निम्मे अर्ज त्याचेच असतात. पहिल्या पानावर नाव, वडिलांचं नाव, जन्मतारीख, अंगावरची खूण, उंची, बोटांचे ठसे. पुढे कुटुंबाची माहिती, भविष्य निर्वाह निधीचं नामनिर्देशन, रजेचा हिशेब. मधे नेमणुकीचा आदेश, वेतननिश्चिती, वेतनवाढी, बदल्या, कार्यमुक्त झाल्याची नोंद. हल्ली आधार, पॅन आणि बँकेच्या पासबुकाच्या झेरॉक्सही त्यातच टाचलेल्या असतात. आजारपणाच्या रजेबरोबर आलेला डॉक्टरचा दाखला तिथेच. एकाच बांधणीत जनतेच्या पैशाचा हिशेबही आहे आणि एका माणसाचं घरही आहे.

माझं ठाम मत आहे की हे पुस्तक अख्खं देणंही चूक आणि अख्खं नाकारणंही चूक. पान न् पान उलटून कोणतं द्यायचं, कोणतं झाकायचं हे ठरवणं हेच माहिती अधिकाऱ्याचं खरं काम. तेच आता टाळलं जातंय. तुमचे अनुभव लिहा.

घाटमाथा

धागा वेळेवर काढलात. पण काका, हे नोव्हेंबरात सुरू झालं असं म्हणू नका. सुरुवात २०१२ ची आहे. गिरीश रामचंद्र देशपांडे विरुद्ध केंद्रीय माहिती आयोग, सर्वोच्च न्यायालय, ३ ऑक्टोबर २०१२. प्रकरण आपल्याकडचंच, भविष्य निर्वाह निधीच्या अकोल्याच्या कार्यालयात काम केलेल्या एका अधिकाऱ्याबद्दलचं. अर्जदारानं त्याला मिळालेले मेमो, कारणे दाखवा नोटिसा, झालेल्या शिक्षा, मालमत्ता, आयकर विवरणपत्रं आणि मुलाच्या लग्नात आलेल्या भेटी असं सगळं मागितलं होतं. न्यायालयानं म्हटलं की कर्मचाऱ्याचं काम कसं आहे हा मुख्यतः तो आणि त्याचा मालक यांच्यातला विषय आहे, म्हणून ही वैयक्तिक माहिती. व्यापक जनहित दाखवलंत तर मिळेल.

सरकारी नोकराचा मालक कोण? आपणच ना? मग मालकालाच सांगायचं की नोकराला मेमो का मिळाला ते विचारू नको! माजी केंद्रीय माहिती आयुक्त शैलेश गांधी या निकालावर सातत्यानं टीका करत आलेत, संसदेच्या परंतुकाचा त्यात विचारच झाला नाही म्हणून. त्या दिवसापासून प्रत्येक तालुक्याच्या टेबलावर या निकालाची झेरॉक्स आहे. २०१२ ते २०२५ ती झेरॉक्स दाखवून नाकारायचे, आता कायदाच दाखवतात.

मी सातारा जिल्ह्यात शिक्षक बदल्यांच्या मागे लागलो होतो. सोयीच्या शाळा कोणाला मिळाल्या, दुर्धर आजाराचं कारण किती जणांनी दाखवलं, ते दाखले कोणी तपासले. दरवेळी उत्तर एकच, वैयक्तिक. एका शाळेवरून दुसऱ्या शाळेवर सरकारी आदेशानं गेलेला माणूस वैयक्तिक कसा होतो, हे मला कोणीतरी समजावून सांगा.

खडूफळा

घाटमाथा दादा, तुमचा राग कळतो. पण मी त्या दुसऱ्या बाजूची आहे, म्हणून लिहिते.

मी प्राथमिक शाळेत शिक्षिका आहे. मोठ्या आजारपणात दीर्घ रजा घेतली होती. जागेच्या वादावरून आमच्या भावकीतल्या एकानं माझ्या कार्यालयात अर्ज टाकला: रजेचे सर्व अर्ज, सोबतची सर्व कागदपत्रं, सेवापुस्तकाची पूर्ण प्रत. कार्यालयानं त्याला सगळं दिलं. डॉक्टरचा दाखला, त्यावरचं निदान, कुठल्या तपासण्या झाल्या ते, घरचा पत्ता, नॉमिनी कोण, सगळं. मला कोणी एका ओळीनंही विचारलं नाही. मला कळलं ते गावच्या जत्रेत, जावेच्या तोंडून. माझं निदान तोवर आख्ख्या आळीला ठाऊक होतं. बायकांच्या आजाराबद्दल गावात कसं बोलतात ते इथं लिहायची माझी इच्छा नाही.

मी शाळेत किती दिवस नव्हते, माझ्या जागी कोणी शिकवलं, त्या काळात मला पगार कसा मिळाला, हे विचारायचा पालकांना पूर्ण हक्क आहे. मी स्वतः सांगेन. पण निदान कोणाच्या हिताचं होतं? तुम्ही ज्या दुर्धर आजाराच्या दाखल्यांबद्दल लिहिलंय, त्यात खोटे असतील, पण खरेही आहेत.

नस्तीवाला

ताई, तुमच्या बाबतीत कायदा आधीच मोडला गेला होता. नवीन दुरुस्तीची गरज त्यासाठी नव्हतीच. जुन्या कायद्यातही तो दाखला देता येत नव्हता.

कलम ११ बघा. माहिती दुसऱ्या कोणाची, म्हणजे त्रयस्थ पक्षाची असेल, त्यानं ती गोपनीय म्हणून दिलेली असेल आणि अधिकाऱ्याच्या मनात ती द्यायची असेल, तर अर्ज आल्यापासून ५ दिवसांत त्या माणसाला लेखी कळवायचं. नोटीस मिळाल्यापासून १० दिवसांत त्यानं म्हणणं मांडायचं. निर्णय ४० दिवसांत, आणि निर्णयाविरुद्ध त्यालाही अपील करता येतं. तुम्हाला नोटीस यायला हवी होती. ती न देणं ही त्या कार्यालयाची उघड चूक.

इथंच दुसरी चुकीची समजूतही सांगतो. त्रयस्थानं "नाही" म्हटलं की विषय संपला, असं कित्येक कार्यालयांना वाटतं. संपत नाही. त्याचं म्हणणं विचारात घ्यायचं असतं, निर्णय अधिकाऱ्यानंच घ्यायचा असतो. मी असे आदेश पाहिलेत ज्यात एकच ओळ आहे, "संबंधिताने असहमती दर्शविल्याने". असा आदेश अपिलात टिकू नये.

आणि कलम १०. एका कागदात देण्यासारखंही आहे आणि न देण्यासारखंही, तर न देण्यासारखं वगळून बाकीचं द्या. हे हातानं कसं करायचं तेही लिहितो, कारण नव्या लोकांना कोणी शिकवत नाही. मूळ कागदाला हात लावायचा नाही. त्याची झेरॉक्स काढायची, तिच्यावर काळ्या मार्करनं ओळी झाकायच्या, आणि त्या झाकलेल्या कागदाची पुन्हा झेरॉक्स काढून ती अर्जदाराला द्यायची. मार्कर मारलेला कागद थेट दिला तर उजेडाकडे धरून खालचं सगळं वाचता येतं. मी आधार क्रमांक असे वाचलेत. पीडीएफ देत असाल तर आणखी जपा: कितीतरी जण नुसती काळी चौकट वर ठेवतात, आणि तिच्याखालचा मजकूर कॉपी करून दुसरीकडे चिकटवला की जसाच्या तसा येतो.

तुमच्या रजेच्या अर्जातून तारखा, रजेचा प्रकार, मंजुरीचा आदेश एवढं देता आलं असतं. दाखल्याचं पान पूर्ण बाजूला.

संत्रानगरी

मी नागपूरला वकिली करतो, माहिती आयोगापुढे बऱ्यापैकी जातो. थोडं कायद्याचं.

देशपांडे निकालानंतर १३ नोव्हेंबर २०१९ ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा निकाल आला, सुभाषचंद्र अगरवाल प्रकरणात. बातम्यांत आलं ते एवढंच की सरन्यायाधीशांचं कार्यालय माहिती अधिकाराखाली आलं. पण त्याच निकालात वैयक्तिक माहिती म्हणजे काय याची लांब यादी आहे: पत्ता, प्रकृती, गुण, पात्रता, कामाचं मूल्यमापन, गोपनीय अहवाल, शिस्तभंगाची कारवाई, मालमत्ता. दोन्ही पारड्यांत वजन घालून बघायचं आणि जनहित जड असेल तर द्यायचं, ही वाट मात्र न्यायालयानं उघडी ठेवली. त्याआधी २४ ऑगस्ट २०१७ ला पुट्टस्वामी प्रकरणात नऊ न्यायमूर्तींनी खाजगीपणा मूलभूत हक्क ठरवला होता. त्यामुळे ताईंची बाजू ही मेहेरबानी मागण्याची बाजू नाही, ती राज्यघटनेतली आहे.

पण पारड्यात वजन घालायला पारडं हवं ना. नवीन ८(१)(जे) मध्ये ते राहिलेलं नाही. सरकारचं म्हणणं असं की कलम ८(२) शाबूत आहे. खरंय. जनहित हे होणाऱ्या हानीपेक्षा जास्त असेल तर सार्वजनिक प्राधिकरण सूट असलेली माहितीही देऊ शकतं, असं ते कलम म्हणतं. फरक कुठे आहे ते नीट पाहा. जुन्या ८(१)(जे) मध्ये समाधान माहिती अधिकाऱ्याचं किंवा अपिलीय अधिकाऱ्याचं व्हायचं होतं. ८(२) मध्ये "सार्वजनिक प्राधिकरण" आहे. खालच्या टेबलावरचा माणूस आता सहज म्हणेल की हे माझ्या अधिकारात नाही. फाईल वर जाईल, आणि वर बसलेल्या माणसाविरुद्धच अर्ज असेल तर?

डेटा संरक्षण कायद्याचा मसुदा करायला केंद्रानं नेमलेल्या श्रीकृष्ण समितीनं २०१८ च्या मसुद्यात हीच दुरुस्ती जास्त जपून सुचवली होती. माहिती दिल्यानं त्या व्यक्तीला होणारी हानी जनहितापेक्षा मोठी असेल तरच नाकारा, असा तिचा रोख होता. तो मसुदा स्वीकारला असता तर खडूफळाताईंनाही संरक्षण मिळालं असतं आणि घाटमाथांनाही बदल्यांचे आदेश.

एक जुना निकाल मुंबई उच्च न्यायालयाचा, २००७ चा, सुरूपसिंग नाईक प्रकरण. न्यायालयाच्या अवमानाबद्दल शिक्षा झालेल्या या आमदारांनी शिक्षेचा बराचसा काळ जे. जे. रुग्णालयात काढला, म्हणून एकानं तिथले वैद्यकीय कागद मागितले. वैद्यकीय कागद ही खाजगीपणाची सगळ्यात आतली खोली. तरीही न्यायालयानं परंतुकाचा आधार घेऊन अर्जदाराच्या बाजूनं निकाल दिला, कारण शिक्षा भोगणारा माणूस खरंच आजारी होता का हा प्रश्न सगळ्यांचा होता. ते परंतुक आता पुस्तकातून गेलंय. मला याचं मनापासून वाईट वाटतं.

घाटमाथा

वकीलसाहेब, ८(२) चा आधार घ्यायचा तर जनहित काय ते अर्जात लिहावं लागणार. पण कलम ६(२) म्हणतं की अर्जदाराला कारण विचारायचं नाही. कारण लिहिलं की अर्जदार कोणाच्या मागे आहे ते त्या कार्यालयाला पहिल्याच दिवशी कळतं. तळेगाव दाभाडेचे सतीश शेट्टी जानेवारी २०१० मध्ये मारले गेले, जमिनीचे व्यवहार बाहेर काढत होते. माझ्या घरी अजून तो विषय निघाला की आई जेवत नाही.

खाजगीपणा म्हणता, मग अर्जदाराच्या खाजगीपणाचं काय? माझ्या अर्जाची प्रत, माझ्या पत्त्यासह आणि मोबाईल नंबरसह, ज्याच्याबद्दल अर्ज होता त्याच्या हातात मी पाहिली आहे.

संत्रानगरी

हा मुद्दा अगदी बरोबर. कोलकाता उच्च न्यायालयानं नोव्हेंबर २०१३ मध्ये सांगितलंय की अर्जदारानं पत्रव्यवहारासाठी पोस्ट बॉक्स नंबर दिला तरी पुरे, घरच्या पत्त्याचा आग्रह धरू नये. ज्याला भीती वाटते त्यानं हे जरूर वापरावं.

कारण लिहिण्याबद्दल: पहिल्या अर्जात लिहू नका. नाकारलं की पहिल्या अपिलात लिहा. आणि अपिलात कलम १९(५) न विसरता घाला. माहिती नाकारणं योग्य होतं हे सिद्ध करायची जबाबदारी नाकारणाऱ्यावर आहे. नुसतं "वैयक्तिक" लिहून ती पार पडत नाही. कलम ७(८) प्रमाणे कारणं, अपिलाची मुदत आणि अपिलीय अधिकारी कोण, हे तिन्ही त्या उत्तरात असायला हवं.

खाडीपलीकडे

वाचतोय, छान चाललंय. मी कॅलिफोर्नियात सरकारी विद्यापीठात नोकरी करतो. इथं माझा वर्षाचा पगार नावानिशी इंटरनेटवर आहे. विद्यापीठ स्वतःच दरवर्षी टाकतं. नवा माणूस रुजू झाला की सहकारी त्याचा आकडा बघतात, त्यालाही ते माहीत असतं. पहिल्या वर्षी मला फार विचित्र वाटलं होतं. नंतर सवय झाली, आणि पगारवाढ मागताना त्याच यादीचा मला उपयोगही झाला.

ओकलंड शहराच्या कर्मचाऱ्यांच्या संघटनांनी याला विरोध केला होता. एक लाख डॉलर किंवा जास्त पगार असलेल्यांची नावं एका वर्तमानपत्रानं मागितली होती. २००७ मध्ये इथल्या राज्याच्या सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की सरकारी पगार नावासकट उघड आहे. घरचा पत्ता, फोन, आजारपण मात्र कोणी देत नाही.

अमेरिकेच्या १९६६ च्या केंद्रीय कायद्यातही कर्मचाऱ्यांच्या आणि वैद्यकीय फायलींना सूट आहे, पण खाजगीपणावर "उघडउघड नाहक" घाला होत असेल तरच. आपल्या जुन्या ८(१)(जे) ची भाषा याच्या जवळची होती. १९७६ च्या एका प्रकरणात हवाई दलाच्या प्रबोधिनीतल्या शिस्तभंगाच्या सुनावण्यांचे सारांश मागितले गेले. न्यायालयानं नावं आणि ओळख पटेल असा मजकूर काढून ते द्यायला सांगितलं. नस्तीवाला काकांचं मार्करचं काम, तेच.

नस्तीवाला

पगाराचं आपल्याकडेही तसंच आहे, लोकांना माहीत नसतं एवढंच. कलम ४ खाली प्रत्येक कार्यालयानं १७ मुद्द्यांची माहिती कोणी न मागता जाहीर करायची असते. त्यात अधिकारी-कर्मचाऱ्यांची निर्देशिका आहे आणि प्रत्येकाचं मासिक वेतनही आहे. लाभार्थ्यांच्या याद्याही त्याच कलमात. हे मुद्दे दुरुस्तीत कोणी काढलेले नाहीत. त्यामुळे "पगार वैयक्तिक आहे" असं उत्तर आलं तर कलम ४ दाखवा. वजाती, म्हणजे कर्जाचा हप्ता, विमा, सोसायटी, हे मात्र त्याचं घरचं. तिथं हात घालू नका. पोटगीच्या भांडणात बायकोला नवऱ्याचा पगार कळायला हवा, असं मध्य प्रदेश उच्च न्यायालयानं २०१८ मध्ये म्हटलंय, हेही जाता जाता.

मालमत्तेबद्दल मला जरा जास्त बोलायचंय. आयएएस अधिकाऱ्यांची स्थावर मालमत्तेची विवरणपत्रं केंद्राच्या संकेतस्थळावर वर्षानुवर्षं दिसतात. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींनी आपली मालमत्ता संकेतस्थळावर टाकली. न्यायमूर्तींची चालते, आणि तालुक्याला परवाने देणाऱ्या माणसाचं मत्ता व दायित्व विवरण मात्र कपाटात बंद. हे मला आस्थापना शाखेत असतानाही पटत नव्हतं. निदान स्थावर मालमत्तेचा गोषवारा तरी उघड असावा.

स्पर्धेतला

मला भरतीबद्दल विचारायचंय. निवड यादीत माझं नाव नाही, माझ्यापेक्षा कमी लेखी गुण असलेला आत गेलाय असं कळतंय. त्याचे मुलाखतीचे गुण मागितले तर वैयक्तिक म्हणून नाकारले. पुढे काय?

संत्रानगरी

मित्रा, मुंबई उच्च न्यायालयाचा नोव्हेंबर २०२४ चा निकाल वाच. पुणे जिल्हा न्यायालयातल्या कनिष्ठ लिपिक भरतीतल्या एका उमेदवारानं इतरांचे गुण मागितले होते. न्यायालयानं म्हटलं की जाहीर भरतीतले गुण उघड केल्यानं खाजगीपणावर नाहक घाला होत नाही, उलट शंका दूर होतात. निकाल जुन्या तरतुदीवरचा आहे, त्यामुळे आता त्यातलं जनहिताचं विवेचन ८(२) खाली मांडायचं. सहज मिळेल असं आश्वासन देत नाही, पण लढण्यासारखं आहे. मुलाखत घेणाऱ्यांची नावं मागू नकोस, ती देऊ नयेत असं सर्वोच्च न्यायालयानं २०१२ मध्येच बिहारच्या प्रकरणात सांगितलंय.

घाटमाथा

भरतीत दाखले बघणं किती गरजेचं आहे ते २०२४ मध्ये पुण्यातल्या परिविक्षाधीन आयएएस अधिकाऱ्याच्या प्रकरणात सगळ्या महाराष्ट्रानं पाहिलं. नॉन-क्रिमिलेअर आणि दिव्यांगत्वाच्या दाखल्यांवर प्रश्न उठले आणि ३१ जुलै २०२४ ला लोकसेवा आयोगानं उमेदवारी रद्द केली. ज्या दाखल्यावर जागा मिळते तो दाखला दुसऱ्या कोणाची तरी जागा घेत असतो.

खडूफळा

हे मला पटतं. दाखला ज्या प्रवर्गातून नोकरी मिळाली त्याचा असेल, तर प्रवर्ग, दाखल्याचा क्रमांक, देणारं कार्यालय, तारीख, पडताळणी झाली की नाही, एवढं द्यावं. पण मुलाबाळांची नावं आणि वैद्यकीय तपशील नको. माझी मागणी एवढीच आहे.

भल्यापहाटे

मला इथं वेगळंच सांगायचंय. मी कंत्राटी सफाई कामगारांबरोबर काम करते, एका नगरपालिकेच्या हद्दीत. आमच्या लोकांना आपली माहिती लपवायची नाहीये, त्यांना ती हवी आहे.

सकाळी पाचला हजेरी लागते. मुकादमाच्या हातात वही असते, बाया अंगठा देतात. महिन्याच्या शेवटी ठेकेदार पालिकेला बिल देतो, त्याला हजेरीपट, वेतनपट आणि भविष्य निर्वाह निधीचं चलन जोडतो. बिलातली नावं आणि रस्त्यावरची माणसं यांचा मेळ लागत नाही, असं बायांचं म्हणणं आहे. जी बाई कधीच सोडून गेली तिच्या नावावर अजून पगार निघतोय, आणि जी रोज झाडते तिच्या खात्यात फंडच जमा नाही. हे फक्त ते कागद पाहिल्यावर कळणार. आम्ही हजेरीपट आणि चलनं मागितली. उत्तर: कामगारांची वैयक्तिक माहिती असल्याने देता येत नाही. अर्जावर त्याच कामगारांचे अंगठे होते! ज्यांच्या खाजगीपणासाठी नाकारलं, त्यांनीच मागितलं होतं.

मी ब्यावरच्या लोकांचं ऐकलंय. राजस्थानात १९९६ मध्ये मजदूर किसान शक्ती संघटनेनं तिथं ४० दिवस धरणं धरलं, त्यातून पुढे हा कायदा देशभर उभा राहिला. त्यांच्या जनसुनवाईत हजेरीपट मोठ्यानं वाचायचे, आणि गर्दीतून कोणीतरी उठून सांगायचं की हा माणूस तर मेलाय. नावच वाचलं नसतं तर काय कळणार होतं? आमच्याकडे नाव झाकून दिलेला हजेरीपट म्हणजे कोरा कागद. मार्करचा उपाय इथं चालत नाही, काका.

नस्तीवाला

ताई, तुमचं बरोबर आहे. नाव झाकायचं की नाही हे त्या कागदाचं काम काय यावर ठरलं पाहिजे. ज्या कागदावर नावासमोर सरकारी पैसा निघतो, तिथं नाव हा हिशेबाचा भाग आहे. झाकायचं तर बँक खातं, आधार, फोन झाका.

तुमच्या अर्जाला मला दोन वाटा दिसतात. पहिली, प्रत्येक बाईनं स्वतःच्या नावानं स्वतःचीच नोंद मागायची: माझी हजेरी, माझं वेतन, माझ्या नावानं भरलेला फंड. स्वतःची माहिती स्वतःपासून वैयक्तिक म्हणून लपवता येत नाही. कर्मचाऱ्याला त्याच्या गोपनीय अहवालातले शेरे कळवायलाच हवेत असं सर्वोच्च न्यायालयानं २००८ मध्ये देव दत्त प्रकरणात सांगितलंय, मग अंगठेबहाद्दर म्हणून हिणवल्या गेलेल्या बाईला तिची हजेरी का नाही? ज्यांच्याकडे यूएएन, म्हणजे भविष्य निर्वाह निधीचा खाते क्रमांक आहे, त्यांचं पासबुक मोबाईलवरही निघतं, ते सोबत ठेवा.

दुसरी वाट, बिलाची. ठेकेदाराचं बिल हा पालिकेचा खर्चाचा कागद आहे, कामगाराची फाईल नाही. तोच मागा. महाराष्ट्रात अर्ज १५० शब्दांत आणि एकाच विषयाचा हवा, म्हणून आटोपशीर मसुदा देतो, जोडपत्र 'अ' मध्ये, म्हणजे अर्जाच्या ठरलेल्या नमुन्यात उतरवा, वर १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प:

"आपल्या नगरपालिकेने अमुक प्रभागातील सफाई कामाच्या कंत्राटापोटी तमुक कालावधीत ठेकेदारास अदा केलेल्या देयकांच्या प्रती, देयकास जोडलेला हजेरीपट, वेतनपट व भविष्य निर्वाह निधीच्या भरणा विवरणासह मिळाव्यात. बँक खाते क्रमांक, आधार क्रमांक व दूरध्वनी क्रमांक कलम १० नुसार वगळण्यास हरकत नाही. सदर हजेरीपटात नावे असलेल्या खालील कामगारांचे संमतीपत्र सोबत जोडले आहे. प्रती देण्यापूर्वी मूळ कागदपत्रे पाहण्याची वेळ व दिनांक कळवावा."

पाहणी मागायला विसरू नका. प्रती देताना पानं गळतात, समोर बसून पाहिलं की कळतं. आणि नाकारलं तर ३० दिवसांत पहिलं अपील, २० रुपयांचा स्टॅम्प, त्यात वकीलसाहेबांनी सांगितलेलं १९(५) आणि ८(२). जनहित तिथं लिहा: सार्वजनिक पैसा काम न करणाऱ्या नावांवर जातोय का, हे तपासायचं आहे.

संत्रानगरी

मसुदा चांगला आहे. एक सुचवतो: "देयकांच्या" आधी "महिनानिहाय" घाला, नाहीतर वर्षाचा एकत्रित गोषवारा हातात देतील. आणि संमतीपत्रावर अंगठ्यासमोर साक्षीदाराची सही घ्या. भल्यापहाटे ताई, अपिलाची वेळ आली तर मला व्यक्तिगत निरोप करा. सुनावणी आभासी असेल तर मी नागपुरातूनच जोडला जाईन, पैसे लागणार नाहीत.

भल्यापहाटे

दोघांचेही आभार. सोमवारी अर्ज देते आणि पोच घेतल्यावर इथंच कळवते. बायांना एक विचारायचंय: अर्ज वेगवेगळे दिले तर मुकादम एकेकीला गाठेल अशी भीती आहे. सगळ्यांनी मिळून एका दिवशी, एकत्र आवक कक्षात दिले तर चालतील ना?

नस्तीवाला

चालतील. अर्ज मात्र प्रत्येकीचा सुटा असू द्या, प्रत्येकीला आपल्या अर्जाचा स्वतंत्र आवक क्रमांक आणि शिक्का मिळाल्याशिवाय खिडकी सोडू नका. पत्ता सगळ्यांनी तुमच्या संघटनेच्या कार्यालयाचा द्या.